खारीसाठी जाळीचा पिंजरा की एकमार्गी झडप? तीन साधनांचं परीक्षण

हे परीक्षण तीन वस्तूंचं आहे: १८ इंची दोनदारी पिंजरा, २४ इंची एकदारी पिंजरा आणि भोकावर बसवायची एकमार्गी झडप, म्हणजे खारीला बाहेर जाऊ देणारं पण परत आत न घेणारं दार. निकाल आधीच सांगतो. खोलीत, गोदामात किंवा काचबंद गच्चीत शिरलेली खार खिडक्या-दारं उघडी ठेवूनही बाहेर जात नसेल, तर पिंजऱ्यासारखं साधन नाही. माळ्यावर किंवा छपराखाली मुक्काम ठोकलेल्या खारींसाठी मात्र आधी झडप आणि मग, गरज पडलीच तर, पिंजरा. बागेतल्या खारी धरून दूर कुठेतरी सोडून यायचा बेत असेल तर तिन्हींपैकी काहीच घेऊ नका. त्यामागची कारणं पुढे सविस्तर दिली आहेत, कारण बहुतेक लोक पिंजरा घेतात तो नेमका याच कामासाठी.

आधी मापं. हॅवाहार्ट, टोमाहॉक अशा जुन्या कंपन्यांपासून बिननावाच्या पिंजऱ्यांपर्यंत लहान प्राण्यांसाठी साधारण दोन मापं दिसतात: १८ × ५ × ५ इंच आणि २४ × ७ × ७ इंच. दोन्हींच्या वेष्टनावर खारीचं चित्र असतं आणि घोळ इथेच होतो. करड्या खारीचं (अमेरिका, ब्रिटनमध्ये दिसणाऱ्या मोठ्या खारीचं) धड २३ ते ३० सेंटीमीटर आणि शेपूट आणखी २० सेंटीमीटरच्या आसपास. म्हणजे नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत ती अर्धा मीटर भरते. १८ इंच म्हणजे जेमतेम ४६ सेंटीमीटर. तिने पुढचा पाय खटक्याच्या पाटीवर ठेवला तेव्हा शेपूट दाराबाहेरच असते आणि दार पडतं ते शेपटीवर. खारीच्या शेपटीची कातडी नाजूक असते, ओढाताणीत ती सोलून निघते. शिवाय शेपूट अडकल्यामुळे दार पूर्ण मिटत नाही, कडी बसत नाही आणि जखमी खार निसटते. त्यामुळे करड्या किंवा तिच्या अंगाच्या खारींसाठी २४ इंचांपेक्षा कमी काही घेऊ नये. पट्टेरी पाठीच्या छोट्या खारींना, ज्यांचं वजन १०० ग्रॅमच्या आसपास असतं, १८ इंची पिंजरा पुरतो. उलट २४ इंची पिंजऱ्याचा खटका त्यांच्या वजनाने बऱ्याचदा पडतच नाही. खार पाटीवर बसून आमिष खाते आणि निवांत निघून जाते.

जाळीचं भोक लांबीइतकंच महत्त्वाचं. १ × १ इंच चौकोनाची जाळी स्वस्त पडते म्हणून पुष्कळ पिंजऱ्यांना तीच असते. अडकलेली खार पहिली काही मिनिटं प्रत्येक भोकात नाक खुपसून बघते. भोक इंचभराचं असेल तर थोबाड आत जातं, ती जोर लावते आणि नाकावरची कातडी खरवडली जाते, कधी दात तुटतो. १ × ½ इंचाची जाळी करड्या खारीला चालते. छोट्या खारीला अर्धा इंच किंवा त्याहून बारीकच हवी. घेताना बोट जाळीच्या आतल्या बाजूने फिरवून पाहा. तारांची टोकं कापलेल्या ठिकाणी, विशेषतः दाराच्या चौकटीपाशी, बोचत असतील तर तो पिंजरा परत करा किंवा टोकं कानशीने घासून घ्या. वेल्डिंगनंतर जस्ताचा मुलामा दिलेली जाळी सांध्यांवर गंजत नाही. आधी मुलामा आणि मग वेल्डिंग केलेली जाळी पहिल्या पावसाळ्यातच प्रत्येक सांध्यावर तांबूस ठिपके दाखवते.

आता खटका, म्हणजे पिंजऱ्याचा जीव. बहुतेक एकदारी पिंजऱ्यांत रचना अशी असते: तळाशी एक तिरकी पाटी, पाटीला जोडलेली बाहेरून जाणारी लांब सळई आणि सळईच्या टोकाला एक वाक. दार वर उचललं की त्याची कड या वाकावर टेकते. पाटी दाबली गेली की सळई मागे सरकते, वाक निसटतो आणि दार पडतं. सारा खेळ वाक आणि कड एकमेकांवर किती टेकतात यावर आहे. मिलिमीटर-दीड मिलिमीटर टेकत असेल तर खटका हलका राहतो. तीन-चार मिलिमीटर टेकला की १०० ग्रॅमची खार तर सोडाच, अर्ध्या किलोचीही वर नाचून गेली तरी दार हलत नाही. नव्या पिंजऱ्यात हा वाक बहुधा जास्त टेकलेला असतो, कारण वाहतुकीत खटका आपोआप पडू नये हे कारखान्याच्या सोयीचं असतं. पक्कडीने सळईचा वाक किंचित उघडावा. किंचितच, कारण जास्त उघडला तर वाऱ्याच्या झुळकेनेही दार पडेल.

हे अंदाजाने करू नका. एका पिशवीत खारीच्या वजनाच्या निम्मे धान्य भरा, म्हणजे छोट्या खारीसाठी ५० ग्रॅम आणि करड्या खारीसाठी २०० ग्रॅम. पाटीच्या मध्यावर नाही, पुढच्या कडेवर ही पिशवी हळूच टेकवा. दार लगेच पडलं पाहिजे. निम्मं वजन अशासाठी, की खार पाटीवर पूर्ण अंग टाकत नाही, फक्त पुढचे पाय ठेवते. ही चाचणी लागोपाठ जमली की पिंजऱ्यावर वरून टिचकी मारून पाहा; तेवढ्याने दार पडता कामा नये. दोन्ही जमलं तर खटका बरोबर बसला.

दार पडल्यानंतर ते बंद राहणं ही वेगळी गोष्ट आहे. नुसत्या वजनाने पडणारं दार खार नखांनी वर उचलते. म्हणून आपोआप खाली येणारी कडी किंवा आडवी सळई हवीच. पिंजऱ्यात कोणी नसताना दार पाडा, पिंजरा उलटा करा आणि हलवा. दार उघडलं तर तो पिंजरा खारीसाठी निरुपयोगी आहे, कारण घाबरलेली खार आत धडका मारून अख्खा पिंजरा कुशीवर पाडू शकते. दुसऱ्या टोकाला, फार कडक स्प्रिंगचं दारही वाईटच. ते कमरेवर किंवा मागच्या पायावर पडलं तर हाड मोडतं. दार पडताना आपली पेन्सिल मध्ये धरून पाहा. तिच्यावर नुसता ठोका बसला तर ठीक, खोल वण उठला तर स्प्रिंगचा एक वेढा कमी करावा लागेल.

दोनदारी पिंजऱ्याचा एक खरा फायदा आहे: खारीला आरपार दिसतं. बोगदा वाटला की ती बिनदिक्कत शिरते, त्यामुळे भिंतीच्या कडेने किंवा तुळईवरून जाणाऱ्या तिच्या रोजच्या वाटेवर दोनदारी पिंजरा लवकर काम करतो. तोटा असा, की पाटी मध्यावर असते आणि लांबी दोन्हीकडे निम्मीच उरते. वर सांगितलेली शेपटीची अडचण इथे दुप्पट. शिवाय दोन दारं एकाच सळईवर जुळवणं किचकट असतं आणि एक आधी पडलं की खार दुसऱ्यातून निसटते. एकदारी २४ इंची पिंजरा एक दार बांधून ठेवलेल्या दोनदारी पिंजऱ्यापेक्षा नेहमीच बरा. त्यातही मागच्या बाजूला सरकतं दार असेल तर पैसे वाढवून तोच घ्या. आमिष ठेवायला आणि सोडायला ते फार उपयोगी पडतं. वर पकडायचा दांडा आणि त्याखाली बोटं वाचवणारा पत्रा हवाच. जाळीतून चावा बोटापर्यंत सहज पोचतो.

लावण्याचं तंत्र पिंजऱ्याइतकंच महत्त्वाचं. पिंजरा डगमगता कामा नये. खार पहिलं पाऊल टाकते तेव्हा तळ हलला तर ती पुन्हा दोन-तीन दिवस जवळ फिरकत नाही. खाली सपाट फळी ठेवा, वर एक वीट. तळाच्या जाळीवर पातळ पुठ्ठा किंवा थोडी माती पसरली की पायाला तार लागत नाही. फक्त पाटीखाली काही जाऊ देऊ नका, तिथे अडकलेला एक खडा खटका निकामी करतो.

आमिष म्हणजे सालासकट भुईमुगाच्या शेंगा, सूर्यफुलाच्या बिया, अक्रोड. मीठ लावलेलं काही नको. सोललेले सुटे दाणे ठेवले तर खार एकेक उचलून नेते. दाण्याचं लोणी (पीनट बटर) पाटीच्या मागच्या अंगाला बोटभर फासलं तर तिला थांबून चाटावं लागतं आणि पाय पाटीवर टेकतो. आमिषाची जागा पाटी आणि मागची भिंत यांच्यामध्ये. भिंतीला चिकटून ठेवलं तर खार बाहेरूनच जाळीतून हात घालून खाते. भिंतीपासून चार इंच आत ठेवा आणि मागच्या टोकाला बाहेरून पाव इंची जाळीचा तुकडा गुंडाळा. दारापासून आतपर्यंत दोन-तीन शेंगांची वाट पुरे, जास्त टाकल्या तर पोट दारातच भरतं. मुंग्या लागल्या की खार फिरकत नाही, म्हणून आमिष रोज बदलावं.

पहिल्या दिवशी खटका लावायची घाई बहुतेकांना नडते. दार तारेने उघडं बांधून, आमिष ठेवून दोन-तीन दिवस तसंच राहू द्या. आमिष नियमित संपायला लागलं की तार काढा. या तयारीशिवाय लावलेल्या पिंजऱ्यात पोटात कावळे ओरडणारं पिल्लू सापडतं, जुनी जाणती खार नाही.

खारी दिवसा फिरतात. सकाळ आणि दुपार कलल्यानंतरचे तास त्यांचे. त्यामुळे खटका उजाडताना लावायचा आणि अंधार पडण्याआधी पाडायचा. रात्री लावलेल्या पिंजऱ्यात खार येत नाही, येतात उंदीर, मांजरं आणि रात्रीचे इतर प्राणी, आणि त्यांना सोडवणं हे वेगळंच संकट. दिवसाही तासा-दोन तासांनी पाहणी हवी. दिवसभर घराबाहेर राहणाऱ्याने पिंजरा लावूच नये. लोखंडी जाळी उन्हात तापते आणि आत सावलीला जागा नसते. एवढ्याशा अंगाच्या प्राण्याला उन्हाचा झटका किंवा नुसत्या भीतीचा ताण जिवावर बेतायला फार वेळ लागत नाही. पिंजरा कायमच्या सावलीत ठेवा, वरून मागचा अर्धा भाग जुन्या चादरीने झाका. पाऊस किंवा कडाक्याची थंडी असेल त्या दिवशी लावू नका. आमिषाला पक्षीही येतात. उघड्या अंगणापेक्षा भिंतीलगत किंवा माळ्याच्या आत लावलेल्या पिंजऱ्यात ते क्वचित सापडतात.

खार सापडली की आधी पूर्ण पिंजरा झाका. अंधार झाला की ती धडका मारायची थांबते. मग झाकणाची कड थोडी उचलून पोटाकडे पाहा. स्तनाग्रं ठळक दिसत असतील, भोवतीचे केस गेले असतील तर ती दूध पाजणारी मादी आहे आणि तिची पिल्लं जवळपासच्या घरट्यात डोळे मिटून पडली आहेत. तिला जिथे पकडलं तिथेच, त्याच घटकेला सोडायचं. यात तडजोड नाही. पिल्लांचे डोळे चार आठवड्यांच्या आसपास उघडतात आणि दूध सुटायला आठ ते दहा आठवडे लागतात. आई नाहीशी झाली तर ती उपाशी मरतात आणि घरमालकाच्या नशिबी माळ्यावरची दुर्गंधी येते. थंड प्रदेशातल्या करड्या खारी साधारण फेब्रुवारी ते एप्रिल आणि जुलै ते सप्टेंबर या दोन काळांत वितात. उष्ण प्रदेशातल्या पट्टेरी खारींना असं बांधलेलं वेळापत्रक नसतं, तिथे कॅलेंडरवर विसंबू नका, प्रत्येक वेळी मादीच तपासा.

हात कधीच आत घालायचा नाही. जाड चामड्याचे हातमोजे असले तरी नाही. शेपटीला धरून बाहेर काढायचा प्रयत्न म्हणजे तिची कातडी हातात येणं. चावा बसलाच तर साबण आणि वाहत्या पाण्याने पंधरा मिनिटं धुवा आणि डॉक्टरांकडे जा. खारींमध्ये रेबीज अगदी विरळा आढळतो, पण चाव्याची जखम खोल जाते आणि धनुर्वाताचा विचार करावाच लागतो.

सोडताना पिंजरा जमिनीवर टेकवा, दार झाडाकडे किंवा झुडपाकडे, आपण मागच्या बाजूला. दार उघडून काडीने टेकवा, चादर दाराकडून आधी काढा. काही खारी तीरासारख्या सुटतात, काही चार-पाच मिनिटं कोपऱ्यात बसून राहतात. हलवू नका, काठीने ढोसू नका. वाट दिसली की ती जाते.

आता कुठे सोडायची, हा खरा प्रश्न. दूरच्या रानात सोडणं ही दया आहे असं बऱ्याच जणांना मनापासून वाटतं. २००४ साली ‘अ‍ॅनिमल वेल्फेअर’ या नियतकालिकात छापून आलेला एक अभ्यास याबाबत डोळे उघडणारा आहे. शहर-उपनगरांतल्या ३८ करड्या खारी पकडून मोठ्या जंगलात सोडल्या आणि त्यांचा मागोवा घेतला. ८८ दिवसांत त्यांतल्या ३७ एक तर मेल्या किंवा सोडलेल्या जागेतून नाहीशा झाल्या. कारणं समजायला कठीण नाहीत. खार आपल्या परिसरातली प्रत्येक फांदी, प्रत्येक ढोली ओळखते. दाणे तिने शेकडो ठिकाणी पुरून ठेवलेले असतात. नव्या रानात तिच्याकडे साठा नसतो, घरटं नसतं, शिकाऱ्यापासून पळायची वाट माहीत नसते, आणि तिथल्या प्रत्येक झाडावर आधीच कोणीतरी राहत असतं. इकडे घरीही प्रश्न सुटत नाही. भोक आणि अन्न तसंच राहिलं तर रिकामी झालेली जागा शेजारच्या खारी भरून काढतात. पिंजरा घेतलेले लोक दरवर्षी तेच काम पुन्हा करत बसतात ते यामुळेच.

म्हणून आमच्या मते पिंजऱ्यातली खार सोडायची योग्य जागा म्हणजे त्याच आवारातलं झाड, आणि तेही घरातलं भोक बुजवल्यानंतर.

कायदाही पाहावाच लागतो आणि तो जागोजागी निराळा आहे. भारतात १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार वन्यप्राण्याला सापळ्यात पकडणं हेसुद्धा शिकारीतच मोडतं, म्हणून पिंजरा लावण्याआधी वन विभागाला विचारायला हवं. ब्रिटनमध्ये करडी खार परदेशी उपद्रवी प्रजाती धरली जाते आणि एकदा पकडलेली खार पुन्हा सोडणं बेकायदा आहे. तिथे पिंजरा लावणं म्हणजे तिला मारायची जबाबदारी घेणं, तेव्हा दयेपोटी काही करायचं असेल तर तिथे पिंजऱ्याला हात न लावणंच बरं. अमेरिकेत नियम राज्यागणिक बदलतात. मॅसॅच्युसेट्समध्ये पकडलेला वन्यप्राणी आवाराबाहेर नेऊन सोडायला बंदी आहे. विकणाऱ्याच्या पानावर यातलं काहीच लिहिलेलं नसतं.

एकमार्गी झडपेत या बहुतेक अडचणी येतच नाहीत. खारीला कोणी पकडत नाही, उचलत नाही, तिचा परिसर सुटत नाही. ती रोजच्यासारखी सकाळी चरायला बाहेर पडते आणि परत येते तेव्हा दार बंद असतं. बहुतेक खारींची आसपास दुसरीही घरटी असतात, ती तिकडे जाते. वस्तू साधी आहे: जाळीची चौकोनी नळी, साधारण चार इंच रुंद, एका टोकाला भिंतीवर स्क्रूने बसवायची पट्टी, दुसऱ्या टोकाला फक्त बाहेर उघडणारं हलकं दार. घेताना दोन गोष्टी बघा. दार करंगळीच्या धक्क्याने उघडलं पाहिजे, नाहीतर खार आतच घाबरून बसते. आणि मिटल्यावर खालची फट पाव इंचापेक्षा कमी हवी. त्याहून मोठ्या फटीत ती बाहेरून नखं अडकवून दार उचलते. ॲल्युमिनियमची दारं हलकी असतात आणि गंजत नाहीत. प्लॅस्टिकची झडप मिळते ती घेऊ नका. खारीचे पुढचे दात आयुष्यभर वाढत राहतात आणि ते झिजवायला तिला काहीतरी कुरतडावंच लागतं; प्लॅस्टिक तिच्यापुढे टिकत नाही.

झडप लावण्याआधीचं काम जास्त वेळ खातं. छप्पर, वळचण, पाइप आत शिरतात ती तोंडं, झरोक्यांच्या जाळ्या, सगळं फिरून पाहा. करड्या खारीला दीड इंचाचं भोक पुरतं, छोट्या खारीला त्याहून कमी. कोणतं भोक वापरात आहे हे कळत नसेल तर प्रत्येकात वर्तमानपत्राचा बोळा हलकासा खुपसा. वापरातल्या भोकातला बोळा दिवसभरात बाहेर ढकललेला दिसतो. तीन कोरड्या दिवसांत न हललेली भोकं बंद करा, मुख्य भोकावर झडप बसवा. बंद करण्याआधी आत पिल्लं नाहीत ना, याची खात्री हवी: बारीक चिवचिव, कापूस-काथ्या-पानांचं ताजं घरटं, एकाच मादीच्या वारंवार फेऱ्या. पिल्लं असतील तर थांबा. थांबणं शक्यच नसेल तर माळ्यावर दिवसा दिवा आणि बोलका रेडिओ लावून ठेवा; पुष्कळ माद्या दोन-तीन दिवसांत पिल्लांना तोंडात धरून दुसऱ्या घरट्यात हलवतात. पिल्लं हलली हे डोळ्यांनी पाहिल्याशिवाय झडप लावू नका.

झडप लावल्यावर बाहेर राहिलेली खार परत शिरायचा जोरदार प्रयत्न करते, आणि ती झडपेला नाही, झडपेभोवतीच्या लाकडाला भिडते. म्हणून झडपेच्या चारही बाजूंनी फूटभर जाळी ठोकून घ्या. हे न केल्याने झडप शाबूत आणि शेजारी नवं भोक, असं हमखास होतं. झडप किमान तीन कोरडे दिवस राहू द्या. पावसात खारी आत दबून राहतात, ते दिवस मोजू नका. आतले आवाज थांबले, आत ठेवलेल्या शेंगा तशाच राहिल्या, की झडप काढा आणि भोक कायमचं बुजवा. आवाज थांबत नसतील, एखादी हट्टी खार आतच राहिली असेल, तर पिंजऱ्याची वेळ आता येते: माळ्याच्या आत, भोकाजवळ, वर सांगितल्या पद्धतीने. काही पिंजरे भोकावर थेट बसवता येतात, बाहेर पडणारी खार सरळ पिंजऱ्यातच येते. काम नक्की होतं, पण तासातासाला पाहणी करणं शक्य असेल तरच. उंचावर उन्हात टांगलेला पिंजरा विसरला गेला तर आतला जीव वाचत नाही.

भोक बुजवायला फवाऱ्याचा फोम विकतात. खार तो एका सकाळी पोखरते. मागे भर म्हणून ठीक, एकटा नाही. जस्ती मुलाम्याची अर्धा इंची जाळी, छोट्या खारीसाठी पाव इंची, शक्यतो १६ गेजची, भोकाच्या कडेपासून चारही बाजूंना तीन-चार इंच भक्कम लाकडावर जाईल एवढी कापा. दर चार इंचांवर वॉशरसकट स्क्रू. नुसते स्टेपल खार उचकटते. कुजलेल्या लाकडावर जाळी ठोकू नका, आधी लाकूड बदला. छपरावर टेकलेल्या फांद्या आठ फूट मागे छाटा, कारण करडी खार तेवढी उडी सहज मारते. पक्ष्यांचे दाणे भिंतीलगत टांगले असतील तर ते हलवा. जमिनीवर पडलेली फळं रोज उचला.

या तिन्ही साधनांच्या शेजारी आणखी काही वस्तू मांडलेल्या असतात. चिकट पट्ट्या कोणत्याही प्राण्यासाठी घेऊ नयेत. खार त्यावर तासन्‌तास तडफडते, कातडी आणि नखं सोलून निघतात. डांबराच्या गोळ्या माळ्यावर टाकल्या तर त्यांची वाफ घरातल्या माणसांनाच आधी त्रास देते आणि खार गोळ्या बाजूला सारून झोपते. आवाजाने पळवणारी यंत्रं लावल्यावर खारी थोडे दिवस बिचकतात आणि मग सरावतात. विष खाल्लेली खार भिंतीच्या आत मरते आणि तिला खाणारं मांजर किंवा घुबडही.

पिंजरा वापरून झाला की आत लघवी आणि लेंड्या असतात, त्यांतून रोग पसरू शकतात. हातमोजे घालून पाण्याने स्वच्छ करा, मग एक भाग ब्लीच आणि नऊ भाग पाणी मारून दहा मिनिटं ठेवा, धुऊन उन्हात वाळवा. सळईच्या कड्यांना आणि दाराच्या बिजागऱ्यांना थेंबभर खाद्यतेल पुरतं. यंत्राच्या तेलाचा उग्र वास पुढच्या वेळी खारीला दूर ठेवतो. ठेवताना दार पाडून, कडी लावून ठेवा. उघड्या दाराचा रिकामा पिंजरा अडगळीत पडला तर त्यात शिरलेला उंदीर किंवा मांजराचं पिल्लू कोणालाच दिसत नाही.